शिन्या त्सुकामोतोचे सिनेमे पहिल्यांदा पाहताना: क्रम, साहित्य आणि नेहमीचे खड्डे

शिन्या त्सुकामोतो या जपानी दिग्दर्शकाचं नाव बहुतेकांच्या कानावर येतं ते १९८९च्या 'तेत्सुओ'मुळे. ६७ मिनिटांचा, कृष्णधवल, १६ एमएमवर काढलेला सिनेमा. कुणीतरी एखादी क्लिप पाठवतं, गालातून धातूचा काटा उगवलेला माणूस दिसतो, आणि मग बघणारा एक तर कायमचा लांब पळतो, नाहीतर तेवढ्या धक्क्यापुरता सिनेमा बघून पुढे जातो. दोन्हीत नुकसान बघणाऱ्याचंच आहे. 'तेत्सुओ'तल्या भंगारापासून २०१४च्या 'फायर्स ऑन द प्लेन'मधल्या फिलिपिन्सच्या जंगलापर्यंत हा दिग्दर्शक एकाच प्रश्नाच्या मागे आहे: माणसाच्या शरीरावर बाहेरून काहीतरी चालून येतं, शहर, लोखंड, बंदूक किंवा युद्ध, तेव्हा त्या शरीराचं काय होतं? हा धागा हाती लागायचा तर सिनेमे योग्य क्रमाने आणि नीट सोय करून पाहावे लागतात. त्यासाठी हा लेख.

थोडी ओळख आधी करून घ्या. जन्म १ जानेवारी १९६०, टोकियोतल्या शिबुया भागात. १४व्या वर्षी वडिलांनी दिलेल्या सुपर ८ कॅमेऱ्यावर सिनेमे काढायला सुरुवात. निहोन विद्यापीठात चित्रकलेचं शिक्षण, मग काही वर्षं जाहिरातपटांच्या कंपनीत दिग्दर्शन. १९८०च्या दशकाच्या मध्यात 'काइज्यू थिएटर' नावाची नाटकमंडळी काढली आणि पुढे त्याच नावाखाली सिनेमे केले. त्याच्या श्रेयनामावलीत लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, कलादिग्दर्शन अशा बहुतेक जागी त्याचंच नाव असतं, आणि पडद्यावरही तो असतोच. हा हट्ट सुरुवातीलाच लक्षात घ्या. ज्याने कॅमेरा धरला त्यानेच फिल्म कापली, म्हणून चित्रीकरणाची धावपळ आणि संकलनाचा झटका यांच्यात कुठे सांधा दिसत नाही.

१. आधी हे जमवा

- अधिकृत डिस्क किंवा अधिकृत स्ट्रीमिंग. 'तेत्सुओ'च्या चित्रात मुद्दामच भरपूर कण आणि खरखर आहे. चोरीच्या, दाबून लहान केलेल्या प्रतींत ती सगळी चौकोनी ठिपक्यांत विरघळते आणि अंधाऱ्या दृश्यांत काय चाललंय तेच कळत नाही.
- रीजन चालेल असा प्लेअर. रीजन म्हणजे डिस्क जगाच्या कोणत्या भागातल्या प्लेअरवर चालेल ते ठरवणारा कोड. सगळ्यात जास्त पैसे इथे वाया जातात. ब्लू-रेसाठी भारत रीजन सी मध्ये आहे, अमेरिका आणि जपान ए मध्ये, ब्रिटन बी मध्ये. डीव्हीडीसाठी भारत ५, अमेरिका १, जपान आणि ब्रिटन दोन्ही २. इथे दुकानातून घेतलेल्या साध्या प्लेअरवर परदेशी डिस्क चालेलच असं नाही. मल्टी-रीजन प्लेअर घ्या किंवा 'सर्व रीजन' असं छापलेलीच डिस्क घ्या. लॅपटॉपच्या ड्राइव्हवर डीव्हीडीचा रीजन साधारण पाचच वेळा बदलता येतो, नंतर तो शेवटच्या रीजनवर कायमचा अडकतो.
- इंग्रजी सबटायटल. जपानमध्ये निघालेल्या डिस्कवर ती बऱ्याचदा नसतात. मागवण्याआधी उत्पादनाचं वर्णन शेवटपर्यंत वाचा.
- हेडफोन किंवा बरे स्पीकर. टीव्हीच्या मागच्या बारक्या स्पीकरवर या सिनेमांचा अर्धा जीव जातो. महाग काही नको, कानावर पूर्ण बसणारा साधा वायरचा हेडफोन पुरतो.
- अंधार. खिडकीतून येणारा उजेड पडद्यावर पडला की काळा रंग करडा होतो, आणि 'तेत्सुओ' सगळा काळ्या रंगावर उभा आहे.

डिस्क घ्यायचीच असेल तर अॅरो व्हिडिओने २०२० मध्ये अमेरिकेत काढलेला 'सॉलिड मेटल नाइटमेअर्स' हा संच सोयीचा आहे. त्यात पहिले दोन 'तेत्सुओ', 'टोकियो फिस्ट', 'बुलेट बॅले', 'अ स्नेक ऑफ जून', 'व्हायटल', 'हेझ', 'कोतोको', 'किलिंग' आणि सुरुवातीचा 'देन्चू कोझो' आहे. संच रीजन एचा आहे, म्हणजे वरचा मुद्दा इथेही लागू. 'हिरुको', 'जेमिनी' आणि 'फायर्स ऑन द प्लेन' त्यात नाहीत, ते वेगळे शोधावे लागतात. ब्रिटनमध्ये थर्ड विंडो फिल्म्सने त्याचे बरेच सिनेमे सुटे काढले आहेत. परदेशातून पार्सल मागवताना कस्टम ड्युटी लागू शकते, ती धरूनच हिशेब करा.

२. टीव्हीच्या सेटिंगमध्ये चार गोष्टी बदला

पहिली, मोशन स्मूदिंग बंद करा. वेगवेगळ्या कंपन्या त्याला वेगवेगळी नावं देतात, पण काम एकच: दोन चौकटींच्या मध्ये टीव्ही स्वतःच्या मनाने नवी चौकट घालतो. त्सुकामोतोची स्टॉप-मोशन, म्हणजे एकेक चौकट सुटी टिपून हालचाल भासवणारी दृश्यं चौकटीचौकटीतल्या तुटकपणावर चालतात. तो तुटकपणा पुसला की माणूस रस्त्यावरून घसरत सुटण्याऐवजी तेलावर तरंगतोय असं वाटतं.

दुसरी, चित्राचा आकार 'मूळ' ठेवा. 'तेत्सुओ' जवळपास चौकोनी चौकटीत काढलेला आहे, त्यामुळे रुंद टीव्हीवर दोन्ही बाजूंना काळे पट्टे दिसणारच. पडदा भरावा म्हणून चित्र ताणलं तर चेहरे फुगतात, आणि झूम केलं तर वरखालचा भाग कापला जातो. इथे चौकटीच्या कडेपर्यंत वायरी आणि नळ्या कोंबून भरलेल्या असतात, कापला तो भाग गेलाच.

तिसरी, 'व्हिविड' मोड काढा आणि 'सिनेमा' मोड लावा. चौथी, कृत्रिम सराउंड बंद करा, आवाज जसा आहे तसा येऊ द्या.

आवाजाची पातळी आधीच ठरवून घ्या. 'तेत्सुओ'त कुजबुज आणि धातूचा धडधडाट यांच्यामध्ये पायरी नाही. कुजबुजीवर आवाज वाढवून ठेवलात तर पुढच्या क्षणी कान बधिर होतील.

३. सावधगिरी, आणि ती मनापासून घ्या

'तेत्सुओ'त पांढऱ्या-काळ्या चौकटी भराभर लखलखतात. अशा उजेडाने फिट येण्याचा त्रास असलेल्यांनी तो पाहू नये. 'तेत्सुओ'त लैंगिक हिंसा आहे. 'अ स्नेक ऑफ जून'चा पूर्वार्ध लैंगिक ब्लॅकमेलचा आहे. 'बुलेट बॅले'ची सुरुवात आत्महत्येपासून होते. 'कोतोको'त स्वतःला इजा करून घेणं जवळून दाखवलं आहे आणि लहान मुलाच्या जिवाची सतत धास्ती आहे. 'फायर्स ऑन द प्लेन'मध्ये छिन्नविच्छिन्न देह आहेत, नरमांसभक्षण आहे. यातलं काही तुमच्यासाठी नाजूक असेल तर तो सिनेमा सोडा, बाकीचा क्रम त्यावाचून अडत नाही.

४. पहिला सिनेमा: 'तेत्सुओ', एका बैठकीत

यापेक्षा सौम्य सिनेमापासून सुरुवात करावी असा सल्ला अनेक जण देतात. मला तो पटत नाही. नंतरच्या प्रत्येक सिनेमात त्सुकामोतो इथल्याच एखाद्या गोष्टीशी झगडतो आहे, ती आधी पाहिलेली असली की पुढचं उलगडत जातं. शिवाय ६७ मिनिटं कुणीही काढू शकतं. मध्ये थांबवू नका. याचा वेग साठत जाणारा आहे, पाच मिनिटांची विश्रांती घेतली तर परत शून्यापासून चढावं लागतं.

शोधताना एक काळजी घ्या. 'द आयर्न मॅन' या इंग्रजी नावाने शोधलं तर हॉलिवूडच्या चिलखती नायकाचे सिनेमे समोर येतात, आणि नुसतं 'तेत्सुओ' टाकलं तर १९८८च्या 'अकिरा' या अॅनिमेशनपटातलं त्याच नावाचं पात्र. नावापुढे १९८९ आणि दिग्दर्शकाचं नाव टाका.

कथा दोन ओळींची आहे. भंगारात राहणारा एक माणूस स्वतःची मांडी चिरून त्यात लोखंडी सळई घालतो. जखमेत अळ्या पाहून किंचाळत पळत सुटतो आणि एका नोकरदाराच्या गाडीखाली येतो. दुसऱ्या दिवशी दाढी करताना नोकरदाराला आपल्या गालात धातूचा काटा सापडतो, आणि तिथून त्याच्या शरीराचं रूपांतर सुरू होतं. भंगारातला तो माणूस त्सुकामोतो स्वतः आहे, नोकरदार तोमोरोवो तागुची. कथा सलग सांगितलेली नाही, अपघाताची हकीकत तुकड्यातुकड्यांनी, टीव्हीच्या पडद्यावर दिसावी तशी येते. पहिल्या फेरीत घटना जुळवत बसू नका. त्याऐवजी या तीन ठिकाणी लक्ष ठेवा.

दाढीचं दृश्य. खोली साधी, हालचाल रोजची, इलेक्ट्रिक रेझरची घरघर. काटा अगदी बारका आहे, आणि तो टोचला की रक्ताची चिळकांडी उडते ती त्याच्या आकारमानाच्या कितीतरी पट. पुढच्या सगळ्या सिनेमाचं प्रमाण इथेच ठरतं: कारण लहान, परिणाम अवाढव्य.

स्टेशनच्या बाकावरचं दृश्य. चष्मेवाली बाई खाली पडलेल्या एका विचित्र गोळ्याला हातातल्या वस्तूने ढोसते. तिथून पाठलाग सुरू होतो. नोबू कानाओकाने हे काम सगळ्या अंगाने केलं आहे, खांदे, मान, बोटं वेगवेगळ्या दिशांना ओढली जातात. हे नाटकमंडळीतून आलेले लोक आहेत, हे इथे स्पष्ट दिसतं.

रस्त्यावरून सुसाट घसरण्याची दृश्यं. गाडी नाही, दोरी नाही. नट उभा, एक चौकट टिपायची, नट आणि कॅमेरा दोघांनी थोडं पुढे सरकायचं, पुन्हा एक चौकट. याला पिक्सिलेशन म्हणतात. मागे टोकियोच्या गल्ल्या, विजेचे खांब, भिंती सरसरत जातात.

धातूचं ते सगळं वेष्टन टाकून दिलेल्या टीव्हीसारख्या उपकरणांच्या भागांतून उभं केलेलं आहे. प्रेयसीचं काम करणारी केई फुजिवारा हिने त्सुकामोतोबरोबर छायाचित्रणही केलं, आणि बराचसा सिनेमा तिच्याच घरात चित्रित झाला. काम दीडेक वर्ष रेंगाळलं, लोक एकेक करून गळत गेले. पूर्ण झाल्यावर त्याच वर्षी रोमच्या फांताफेस्टिव्हलमध्ये त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि घरगुती ताकदीवर काढलेला हा सिनेमा जगभर फिरला.

५. लगेच मागे जा: 'देन्चू कोझो'

१९८७चा, सुपर ८ वर काढलेला, साधारण ४७ मिनिटांचा. पाठीतून विजेचा खांब उगवलेला एक मुलगा भविष्यात जातो आणि जग अंधारात बुडवू पाहणाऱ्या रक्तपिपासूंशी लढतो. मुळात हे काइज्यू थिएटरचं नाटक. पिया फिल्म फेस्टिव्हल हा जपानमधल्या हौशी आणि स्वतंत्र सिनेमावाल्यांचा महत्त्वाचा महोत्सव, तिथे १९८८ मध्ये याला ग्रां प्री, म्हणजे सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

हा 'तेत्सुओ'नंतरच पाहा. आधी पाहिला तर गमतीदार पोरखेळ वाटतो. नंतर पाहिला की युक्त्या उघड्यावर दिसतात: हेच पिक्सिलेशन, हीच वायरींची जंजाळं, पण रंगीत आणि मोकळ्या हाताने केलेली. त्याआधीचा १९८६चा १८ मिनिटांचा 'फुत्सू साइझ नो काइजिन' मिळाला तर तोही बघा, 'तेत्सुओ'चा कच्चा आराखडाच आहे तो.

इथे थेट दुसऱ्या 'तेत्सुओ'वर उडी मारू नका. १९९२चा 'बॉडी हॅमर' रंगीत आहे, पैसेही जास्त लागलेले आहेत, पण पहिल्याच्या पाठोपाठ पाहिला की तो फक्त तुलनेत अडकतो. त्याची वेळ पुढे येईल.

६. मधला टप्पा: 'टोकियो फिस्ट' आणि 'बुलेट बॅले'

बहुतेक जण नेमका हाच टप्पा गाळतात, आणि माझ्या मते त्सुकामोतो घडतो तो इथे.

'टोकियो फिस्ट' (१९९५) मध्ये विम्याची कामं करणारा त्सुदा शाळेतल्या जुन्या मित्राला भेटतो. मित्र आता मुष्टियोद्धा झालाय. त्सुदाची होणारी बायको हिझुरू त्याच्याकडे ओढली जाते, आणि त्सुदा स्वतः ग्लोव्ह चढवतो. त्सुदा झालाय त्सुकामोतो, मुष्टियोद्धा त्याचा सख्खा भाऊ कोजी. काहोरी फुजीईची हिझुरू या दोघांपेक्षाही पुढे जाते, ती आपल्या शरीरात धातू टोचून घेऊ लागते. 'तेत्सुओ'तला धातू आता बाहेरून चिकटलेला नाही, माणूस तो आपणहून निवडतो. ठोशांनी उडणारं रक्त आणि सुजलेले चेहरे वास्तवाच्या पलीकडचे आहेत. मेकअप फसलाय असं समजू नका, मनातली चीड तेवढ्याच आकाराने चेहऱ्यावर आणलेली आहे.

'बुलेट बॅले' (१९९८) पुन्हा कृष्णधवल. जाहिराती बनवणाऱ्या गोदाची प्रेयसी बंदुकीने आत्महत्या करते, आणि गोदाला अगदी तशीच बंदूक हवी असते. जपानमध्ये सामान्य माणसाला पिस्तूल मिळणं जवळजवळ अशक्य, त्यामुळे तो ती स्वतःच बनवायला बसतो. हे दृश्य सावकाश पाहा. तुकडे जोडणारे हात, घासलेला धातू, आणि शेवटी हातात येतं ते किती क्षुल्लक. हा नायक जाहिरातवाला का, हे दिग्दर्शकाच्या आधीच्या नोकरीवरून लक्षात येईल.

या दोन्ही सिनेमांचं संगीत चू इशिकावाचं आहे, 'तेत्सुओ'चंही त्याचंच. लोखंडावर लोखंड आपटून काढलेले ताल, यंत्राची लय आणि मधूनच अनपेक्षित हळवी सुरावट. डोळे मिटून पाच मिनिटं फक्त ऐकून बघा, चित्राचं संकलन या तालावर किती बेतलेलं आहे ते लगेच कळतं.

७. वेग कमी होतो: 'अ स्नेक ऑफ जून', 'व्हायटल', 'कोतोको'

'अ स्नेक ऑफ जून' (२००२) लावल्यावर पडदा निळा दिसेल. केबल किंवा टीव्हीत बिघाड नाही, सगळा सिनेमाच निळ्या छटेतला एकरंगी आहे. टोकियोतला पावसाळा, थांबता थांबत नाही असा पाऊस, ओघळणाऱ्या भिंती. फोनवरून लोकांना मानसिक आधार देणारी रिंको आणि स्वच्छतेचं वेड असलेला तिचा नवरा एकाच घरात परके राहतात. एका अनोळखी माणसाची पाकिटं येऊ लागतात, आत तिचेच फोटो. पहिली तीस मिनिटं पाहून हा सिनेमा कुठे चालला आहे याचा अंदाज बांधू नका. तो ज्या दिशेने वळतो ती पूर्वार्धात दिसत नाही. व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याला परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळाला.

'व्हायटल' (२००४) मध्ये तादानोबू आसानो वैद्यकीय विद्यार्थी आहे, अपघाताने स्मृती गेलेला. शवविच्छेदनाच्या वर्गात त्याच्या टेबलावर येतो तो त्याच अपघातात गेलेल्या प्रेयसीचा देह. वाचताना भडक वाटतं, पडद्यावर मात्र हा त्याचा सगळ्यात हळुवार सिनेमा आहे. शरीरावर हल्ला करणारा दिग्दर्शक इथे पहिल्यांदा ते उघडून, थर काढत, आदराने बघतो.

'कोतोको' (२०११) मध्ये ओकिनावाची गायिका कोक्को मध्यवर्ती भूमिकेत आहे, मूळ कल्पनाही तिचीच. एकट्या आईला प्रत्येक माणूस दोनदा दिसतो, आणि त्यातला एक तिच्यावर चालून येतो. कॅमेरा तिच्या इतक्या जवळ हलतो की मोठ्या पडद्यावर काहींना गरगरतं. पडद्यापासून नेहमीपेक्षा थोडं लांब बसा. ती गाते तेव्हा मात्र कॅमेरा तिला पूर्ण वेळ देतो. व्हेनिसच्या ओरिझोंती विभागात हा सर्वोत्तम ठरला.

८. युद्धाचे तीन सिनेमे, याच क्रमाने

'फायर्स ऑन द प्लेन' (२०१४), 'किलिंग' (२०१८), 'शॅडो ऑफ फायर' (२०२३). तिन्हींच्या कथा स्वतंत्र आहेत, पण सलग पाहिल्या की एकमेकींना उत्तरं देतात.

पहिला ओओका शोहेईच्या कादंबरीवरचा. दुसऱ्या महायुद्धाचा शेवट, फिलिपिन्समधलं लेयते बेट, क्षयाने आजारी सैनिक तामुरा. तुकडी त्याला इस्पितळात पाठवते, इस्पितळ परत तुकडीकडे. तामुरा झालाय त्सुकामोतो स्वतः. याच कादंबरीवर कोन इचिकावाचा १९५९चा कृष्णधवल सिनेमा आहे, तेव्हा घेताना साल तपासा, दोन्हींचं नाव एकच आहे. या विषयाला पैसा लावायला कुणी तयार नव्हतं. शेवटी त्याने तो स्वतःच्या बळावर आणि स्वयंसेवकांच्या मदतीने पूर्ण केला. निसर्ग डोळे दिपवणारा हिरवा ठेवलाय, आणि त्या हिरव्यावर माणसं सडत जातात. 'तेत्सुओ'त उत्साहाने फुटणारं शरीर इथे नुसतं मांस होतं. पंचवीस वर्षांच्या अंतराने तोच हात काय सांगतोय, ते या दोन सिनेमांत सर्वांत स्वच्छ दिसतं.

'किलिंग' एदो काळाच्या, म्हणजे जपानमधल्या सामुराई राजवटीच्या अखेरचा. तरुण रोनिन, म्हणजे धनी नसलेला सामुराई, तलवारीत तरबेज आहे, पण माणूस मारू शकत नाही. सुरुवातीची मिनिटं चुकवू नका, आगीतून तलवार घडतानाचं ते दृश्य आहे. त्सुकामोतोच्या पडद्यावरचं लोखंड इथे आपल्या मूळ रूपात, लालभडक तापलेलं दिसतं. इशिकावाचं निधन डिसेंबर २०१७ मध्ये झालं होतं. त्याने मागे ठेवलेल्या ध्वनिमुद्रणांतून त्सुकामोतोने या सिनेमाचं संगीत जुळवलं.

'शॅडो ऑफ फायर' युद्धानंतरच्या काळ्या बाजाराचा: जळून अर्ध्या राहिलेल्या खानावळीतली बाई, एक अनाथ मुलगा, घरी परतूनही न परतलेला सैनिक. यात स्फोट जवळजवळ नाहीत. वेगवान त्सुकामोतोची सवय झालेल्यांना तो संथ वाटेल, म्हणून तो शेवटी.

९. उरलेले, सवडीने

'हिरुको' (१९९१) आणि 'जेमिनी' (१९९९) बाहेरून आलेली कामं. 'हिरुको' मोरोहोशी दाइजिरोच्या मांगावरचा (जपानी चित्रकथेवरचा) शाळेतला भूतपट, यात कोळ्यासारखे पाय फुटलेली मुंडकी आहेत. 'जेमिनी' एदोगावा रांपोच्या कथेवरचा, मासाहिरो मोतोकी दुहेरी भूमिकेत. रंग आणि वेशभूषा बघण्यासाठी तरी तो पाहाच. 'हेझ' (२००५) घेताना कालावधी तपासा: छोटी आवृत्ती साधारण २५ मिनिटांची, पूर्ण ४९ मिनिटांची. पूर्ण घ्या. काँक्रीटच्या फटीत अडकलेल्या माणसाचा हा सिनेमा बंद जागेची भीती असणाऱ्यांनी टाळावा. 'नाइटमेअर डिटेक्टिव्ह'चे दोन्ही भाग (२००६, २००८) भयपटाच्या नेहमीच्या चौकटीजवळचे आहेत. 'बॉडी हॅमर' आणि इंग्रजीत केलेला 'द बुलेट मॅन' (२००९) आता लावा, पहिल्याची आठवण जरा मागे पडली की त्यांचं स्वतःचं काय ते दिसतं.

नट म्हणून त्याला दुसऱ्यांच्या सिनेमांतही शोधा. ताकाशी मिइकेच्या 'इची द किलर'मध्ये तो आहे, 'शिन गोडझिला'त जीवशास्त्रज्ञ आहे, आणि मार्टिन स्कॉर्सेसीच्या 'सायलेन्स' (२०१६) मध्ये समुद्राच्या लाटांत क्रूसावर बांधलेला मोकिची आहे. स्वतःच्या सिनेमांत ज्या तयारीने तो शरीर झिजवतो, तीच इथेही.

१०. पाच सेकंदांचं पिक्सिलेशन स्वतः करून बघा

हाताने केलेला सिनेमा हाताने केल्याशिवाय पुरता कळत नाही. मोबाइलवर जमतं.

लागेल ते: ट्रायपॉड, एक्स्पोजर, फोकस आणि व्हाइट बॅलन्स तिन्ही लॉक करता येणारं कॅमेरा अॅप, ब्लूटूथ रिमोट, खडू, मोजपट्टी, रहदारी नसलेली ४० मीटरची सरळ गल्ली, एक नट आणि एक मदतनीस.

सिनेमा सेकंदाला २४ चौकटींनी चालतो. प्रत्येक फोटो दोन चौकटी ठेवला तर सेकंदाला १२ फोटो, पाच सेकंदांना ६०. जमिनीवर दर ६० सेंटिमीटरला खडूची खूण करा. नट प्रत्येक खुणेवर त्याच पवित्र्यात उभा राहील, कॅमेराही तेवढाच पुढे सरकेल. सेकंदाला १२ वेळा ६० सेंटिमीटर म्हणजे ७.२ मीटर, म्हणजे ताशी सुमारे २६ किलोमीटर. ६० फोटोंना ३६ मीटर लागतात, म्हणून गल्ली ४० मीटरची. वेग दुप्पट हवा असेल तर खुणा १२० सेंटिमीटरवर करा, पण मग गल्लीही दुप्पट.

बिघडतं ते असं. एक्स्पोजर लॉक केलेलं नसलं तर प्रत्येक फोटोचा उजेड वेगळा येतो आणि चित्र लुकलुकतं. ढगांची ये-जा असेल तरही तेच, म्हणून पूर्ण ढगाळ दिवस किंवा पूर्ण ऊन निवडा. ट्यूब किंवा एलईडीच्या उजेडात शटर १/५० किंवा १/१०० ठेवा, आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे. कॅमेऱ्याची उंची दर खुणेवर बदलली तर प्रेक्षकाला मळमळतं, ट्रायपॉडचे पाय एकदा बसवले की हात लावू नका, अख्खा ट्रायपॉड उचलून ठेवा. नटाची नजर भटकते हे सगळ्यात शेवटी, संकलन करताना लक्षात येतं. कॅमेऱ्याच्या वर एक कागदाचा ठिपका चिकटवा आणि त्याला तिथेच बघायला सांगा.

धातू 'उगवताना' दाखवायचा तर कॅमेरा हलवू नका. एक तुकडा चिकटवा, फोटो घ्या, दुसरा चिकटवा, फोटो घ्या. सामान भंगारवाल्याकडून आधीच सुटं केलेलं घ्या: वायरी, स्प्रिंगा, अॅल्युमिनियमच्या पट्ट्या. जुना डबा टीव्ही स्वतः उघडू नका. प्लग काढलेला असला तरी पिक्चर ट्यूबमध्ये जीवघेणा विद्युतभार राहू शकतो, आणि काच फुटली तर तुकडे अंगावर येतात. धारदार कडा कानशीने घासून घ्या. त्वचेवर फक्त त्वचेसाठीची टेप आणि रंगभूमीचा मेकअप वापरा, स्प्रेचा रंग कधीच नाही. आधी मनगटाच्या आतल्या बाजूला लावून काही तास वाट बघा.

११. मंडळात किंवा कॉलेजात दाखवायचा असेल तर

विकत घेतलेली डिस्क घरी बघण्यासाठी असते. चार लोकांना बोलावून हॉलमध्ये दाखवायला हक्क असलेल्या वितरकाची लेखी परवानगी लागते. मेल लिहिताना सिनेमाचं नाव आणि साल, तारीख, जागा, किती खुर्च्या, तिकीट आहे की नाही, आणि कोणत्या स्वरूपात दाखवणार हे सगळं पहिल्याच पत्रात द्या, नाहीतर प्रश्नोत्तरांतच तारीख उलटून जाते. भारतात सार्वजनिक प्रदर्शनाला सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, महोत्सवांना त्यातून सूट माहिती व प्रसारण मंत्रालयाकडून घ्यावी लागते. फिल्म सोसायटीचे सभासद असाल तर आधी तिच्या चिटणीसांना विचारा, त्यांना या वाटा ठाऊक असतात.

कार्यक्रमाच्या सूचनेत तिसऱ्या मुद्द्यातली सावधगिरी स्पष्ट छापा, लखलखाटाचा उल्लेख खास करून. 'तेत्सुओ' आणि 'देन्चू कोझो' जोडीने ठेवले तर विश्रांती धरून सव्वादोन तासांच्या आत कार्यक्रम बसतो. आधी 'तेत्सुओ', दहा मिनिटं दिवे लावून विश्रांती, मग 'देन्चू कोझो'. हॉलच्या ध्वनियंत्रणेवर आदल्या दिवशी 'तेत्सुओ'चा सर्वांत मोठ्या आवाजाचा भाग वाजवून बघा, स्पीकर फाटत असतील तर पातळी तिथेच कमी करून खूण करून ठेवा.